उजवा काठ

“बळीरामभाऊ, ही बॉर्डर पाहा. तुमचीच वाटते ना गा?” नागपूरच्या इतवारी बाजारातल्या दुकानदाराने साडी गादीवर पसरली.

बळीरामने काठ बोटांत धरला. करवतीचे दाते त्याचेच होते, दर तिसरा दाता जरा उंच. ही खोड फक्त त्याला आणि मागावरच्या जोडीदाराला, गोविंदाला ठाऊक. उलट्या बाजूला मात्र सुतं लोंबत होती. काम पावरलूमचं होतं.

“कोणं केली?”

“कळमेश्वरच्या कारखान्यातून आली. तुमचा गोविंदाच तर काठ बसवून देते तिथं.”

बळीरामने काठ हातातून सोडला. करवती काठाला मागावर दोघं लागतात, आणि वीस वर्षं उजव्या काठाचं सूत नेणारा धोटा गोविंदाच फेकत आला होता. महिन्यापूर्वी कंबर धरली म्हणून तो अर्ध्या साडीवरून उठून गेला. तांडापेठेतल्या विणकरांचा रिवाज असा, की ज्या दोघांनी साडी सुरू केली त्याच दोघांनी ती उतरवायची. दुसरा हात बसला की काठ ओढला जातो, जोड दिसतो. म्हणून बळीरामने महिनाभर माग बंद ठेवला, वर गोविंदाच्या कमरेला तेल पाठवलं! भोळेपणाची कमालच. केसाने गळा कापतात म्हणतात, तो असा.

“आता सारेच काठाले बॉर्डर म्हणून राहिले,” रात्री जेवताना तो चिडून म्हणाला.

कॉलेजात शिकणारी प्रेमलता त्याचा राग घालवायला म्हणाली, “बाबा, तो शब्द फ्रेंचातून आला. मुळात बोर्ड म्हणजे जहाजाची कड, तिथली फळी.”

“ते फळी काहून लावते?”

“पाणी आत येऊ नये म्हणून.”

“अन् फळीनंच भोक पाडलं तं?”

बळीराम अर्ध्या ताटावरून उठला.

दुसऱ्या दिवशी गोविंदा दारात येऊन उभा राहिला.

“धोटा न्यायले आलो, भाऊ. माह्या बापाचा हाये.”

“कंबर कशी हाये?”

गोविंदाने मान खाली घातली. “तिथं महिन्याचा पगार भेटते. लेकरं हायेत मले.”

“सांगून गेला असता तं मी पोचवून देल्लं असतं गा. काठ मांगला असता तं तोबी देल्ला असता.”

बळीराम मागाजवळ गेला. उजवा धोटा अर्ध्या साडीला अडकलेलाच होता. त्याने सूत दातांनी तोडलं, धोटा धोतराने पुसला आणि गोविंदाच्या हातात ठेवला.

तो गेल्यावर बळीरामने बायकोला हाक मारली. “तुळसा, उजवीकडं बस वं.”

“अजी, जोड दिसन ना!”

“दिसू दे.”