मोजून वीस मिली

"झालं का?" भगवान पुन्हा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले.

"कसलं झालं का? आत्ता कुठे ग्लव्हज घातलेत. बसा जरा."

ते बसले नाहीत. उजवा हात पोटाशी धरून, डाव्या हाताने चौकट पकडून तिथेच राहिले. त्यांचं व्हेप, म्हणजे बॅटरीवरची सिगारेट, सकाळी उठल्या उठल्या रिकामं झालं होतं, आणि ते रिकामं असलं की आपला नवरा घरभर सावलीसारखा मागे फिरतो हे सुमेधाला ठाऊक होतं. एरवी ती हे काम मागच्या वॉशिंग मशीनच्या खोलीत करायची. सिगारेट सोडवायला मदत करणाऱ्या नर्सने बजावलं होतं, निकोटीन स्वयंपाकघरात आणायचंच नाही. पण आज शेगडीवर विहाराच्या कार्यक्रमाची खीर होती, भलंमोठं पातेलं. पाठ वळवली की तळाला लागली असती. म्हणून सगळं सामान तिने इकडेच मांडलं होतं.

निकोटीनची बाटली बाहेरून चिकट झाली होती. तिने ती नळाखाली धरली. बाटलीवर चिकटवलेली कागदी पट्टी, जिच्यावर पेनने 'भ' लिहिलेलं होतं, पाण्याने सुटली आणि ग्लव्हला चिकटली. तेवढ्यात खीर उतू जायला लागली. "अगंबाई!" म्हणत तिने बाटली ओट्यावर ठेवली, कोपराने नॉब फिरवून गॅस बारीक केला आणि पातेल्यावर फुंकर घातली. खीर खाली बसली. मग वळून तिने बाटली उचलली, सिरिंज आत घातली आणि दट्ट्या ओढला.

मोजण्यात तिचा हात कुणी धरू शकलं नसतं. सिरिंज उजेडासमोर धरून, टिचकीने बुडबुडा वर आणून, पुन्हा डोळा लावून बघणार. वीस मिली निकोटीन, चाळीस मिली बिननिकोटीनचा बेस, त्यात पानाच्या स्वादाचे थेंब. स्वयंपाकात जन्मभर तिने अंदाजपंचे मीठ घातलं होतं, पण इथे अंदाज चालत नाही हे तिने मनावर घेतलं होतं. वीसच्या जागी तीस गेलं तर यांच्या छातीत धडधडेल, कातडीवर सांडलं तर लगेच पाण्याने धुवायचं, पोटात गेलं तर मोठ्यांनाही बाधतं आणि लहान मुलांच्या तर जिवावर बेतू शकतं. नर्सने हे सगळं दोनदा सांगितलं होतं. सुमेधाने ते शाळेतल्या कवितेसारखं पाठ केलं होतं.

एवढं करून एक गोष्ट तिने नर्सला सांगितली नव्हती. निकोटीन इथे लेस्टरमध्ये चिमुकल्या बाटल्यांतून मिळतं, आणि त्यांची झाकणं दाबून फिरवावी लागतात, मुलांना उघडता येऊ नयेत म्हणून. सुमेधाच्या सुजलेल्या बोटांनाही ती उघडत नसत. म्हणून ती महिन्यातून एकदा सगळ्या बाटल्या नेटाने उघडायची आणि एका मोठ्या बाटलीत ओतून ठेवायची. मोठी बाटली होती वेलची इसेन्सची, बेलग्रेव्ह रोडवरच्या दुकानातली, धुऊन ठेवलेली. आपल्या घरांत रिकामी बाटली फेकणं म्हणजे पाप. आइस्क्रीमच्या डब्यात कढीपत्ता, बिस्किटांच्या डब्यात सुईदोरा, तसं वेलचीच्या बाटलीत निकोटीन. आणि खिरीसाठी आणलेली इसेन्सची नवी बाटली, त्याच कंपनीची, त्याच हिरव्या झाकणाची, सकाळीच सील काढून ठेवलेली, ओट्यावर शेजारीच उभी होती.

"घ्या, हलवा. तेवढं तरी करा." तिने मिश्रणाची बाटली बंद करून भगवानच्या हातात दिली. ग्लव्हज उलटे करून काढले, पट्टीसकट कचऱ्यात टाकले. हात साबणाने धुतले. मग दुसरी बाटली घेऊन खिरीत चार झाकणं ओतली. चार म्हणजे जरा जास्तच; पण कोविडने तिचं नाक नेलं ते नेलंच, आणि तेव्हापासून वासाच्या बाबतीत तिचा हात सैल झाला होता. चाखायचा प्रश्न नव्हता. दानाची खीर आधी चाखायची नाही, ही तिच्या आईची शिस्त. दीक्षा घेतल्यावर आईने जुनं बरंच सोडलं, हे मात्र सोडलं नाही.

नाक गेल्यानंतर एकेक करून बाकीचंही गेलं होतं. भगवानना पक्षाघात झाला त्या दिवशी सुमेधाने शांतपणे अॅम्ब्युलन्स बोलावली, दार उघडं ठेवलं, आणि येणाऱ्याला चहा विचारला. ती रडली नाही, घाबरली नाही. पुढेही नाही. दातासाठी इंजेक्शन दिल्यावर गाल कसा आपला वाटत नाही, तसं तिला सगळंच वाटायचं. लोक म्हणत, सुमेधाताई किती खंबीर. ती मान डोलवायची.

भगवानची मात्र वाचाच गेली होती. थेरपिस्टने त्यांना किल्लीचं चित्र दाखवलं, कपाचं दाखवलं, ते नुसते बघत बसायचे. आणि एका सकाळी, सुमेधा त्यांच्या पाठीला साबण लावत असताना, त्यांच्या तोंडून सबंध पंचशील आलं. न अडखळता. तेव्हापासून लेस्टरच्या विहारात पंचशील देणं हे त्यांचंच काम झालं. बाकी बोलणं तुटक, दोन शब्दांपुढे जाईना. पण माइकसमोर उभे राहिले की पूर्वीचे भगवान मोरे. लोक मागून म्हणायचे. पाचवं शील, मादक पदार्थांपासून दूर राहण्याचं, झालं की ते डावा हात वर करून म्हणत, "तंबाखू. तीपण. आली त्यात." सगळे माना डोलवत. चाळीस वर्षं सिगारेट ओढलेल्या माणसाने झटक्यात सोडली, याचं लोकांना केवढं कौतुक! सिगारेट त्यांनी सोडली होती, हे खरंच होतं. व्हेपचं घराबाहेर कुणालाच ठाऊक नव्हतं. आठवडाभर ते रविवारची वाट बघत. दुसरं त्यांच्याकडे काही उरलं नव्हतं.

आज वैशाख पौर्णिमेचा कार्यक्रम. भाड्याने घेतलेल्या कम्युनिटी हॉलमध्ये पांढऱ्या साड्या, पांढरे शर्ट, निळ्या चादरीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर. सुमेधाने पातेलं मागच्या टेबलावर ठेवलं आणि देविकाच्या ताब्यात दिलं. वाढण्याचं खातं देविकाकडे. ती डाव कुणाच्या हातात देत नसे.

"ताई, मुलांना आधीच देऊन टाकू का? पंचशील होईपर्यंत थांबायचं नाही कुणी. माझी मायरा तर सकाळपासून नुसत्या क्रिस्प्सवर आहे."

"दे की," सुमेधा म्हणाली, आणि भगवानना घेऊन कार पार्ककडे गेली. माइकसमोर जाण्याआधी त्यांना दोन झुरके लागत. मिश्रण मुरू द्यायचं म्हणून व्हेप निघता निघताच भरलं होतं, हा आजचा पहिलाच झुरका. कचऱ्याच्या मोठ्या डब्यांमागे आडोसा होता.

त्यांनी झुरका घेतला आणि ठसका लागून वाकलेच.

"काय झालं?"

"वेलची," भगवान म्हणाले.

"काय वेलची?"

"यात. नुसती. वेलची."

तिने व्हेप हिसकून घेतलं आणि सवयीने नाकाशी धरलं. तिच्या नाकाला वेलची काय नि डांबर काय. पण डोक्याला कळलं. ओट्यावरच्या दोन बाटल्या दिसल्या, सुटलेली पट्टी दिसली, उतू जाणारी खीर दिसली. व्हेपमध्ये वेलची गेली, मोजून वीस मिली. मग खिरीत काय गेलं?

ती दाराकडे वळली. भगवाननी डाव्या हाताने तिची बाही पकडली. त्यांनाही कळलं होतं.

"दूध," ते म्हणाले. "नासलं. सांग."

"सोडा. मुलं आहेत तिथे."

"माझं. नको सांगू." बाही त्यांनी सोडली नव्हती. "एवढंच. आहे. मला."

"नाही सांगत," ती म्हणाली आणि धावत सुटली. साठी उलटलेली बाई, पायात चपला, पांढऱ्या साडीचा काठ चिखलातून. आपल्याला भीती कशी वाटत नाहीये, हा विचार तिच्या मनात धावतानाही आला.

टेबलापुढे मुलांची रांग होती. देविकाने पहिला कागदी बाउल भरून मायराच्या हातात दिला होता. मायरा चमचा शोधत होती.

"थांब! कुणी खाऊ नका. खीर नासलीय."

"नासली?" देविकाने पातेल्यात डोकावून बघितलं. "काहीतरीच काय! अशी मस्त दिसतेय."

"नासलीय म्हणते ना."

"अहो ताई, पण तुम्हाला वास येत नाही. मग तुम्हाला कसं कळलं?"

दोघीचौघी हसल्या. त्यात कुचकेपणा नव्हता. सुमेधाताईंचं नाक हा विहारातला जुना, मायेचा विनोद होता. देविकाने चमचा उचलला. "एवढं दूध घालायचं का वाया? मी बघते चाखून."

"मम, हा खीर मी टेस्ट करू?" मायराने बाउल तोंडाकडे नेला.

सुमेधाने एका हाताने देविकाचं मनगट धरलं आणि दुसऱ्या हाताने मायराचा बाउल उडवला. खीर जमिनीवर सांडली. मायरा रडायला लागली.

"निकोटीन पडलंय यात," सुमेधा म्हणाली. "व्हेपमध्ये घालतात ते. बाटली चुकली माझी."

विहाराची सेक्रेटरी धम्मशीला हॉस्पिटलात इमर्जन्सी विभागात कामाला होती. ती पुढे आली, तिने एकेका मुलाला विचारलं, हात बघितले, तोंडं बघितली. "कुणीच खाल्लेली नाहीये ना? शुअर? ओके." मग सुमेधाकडे वळून हळू आवाजात, "काकू, किती गेलंय? स्ट्रेंथ काय होती?"

सुमेधाने सांगितलं. आकडे तिला तोंडपाठ होते. धम्मशीलाने पातेलं मुलांपासून लांब सरकवलं.

"लहान मुलं होती, काकू," एवढंच ती म्हणाली.

"पण तुमच्या घरी व्हेप कोण करतं?" देविकाने विचारलं. मायराला तिने पोटाशी घट्ट धरलं होतं, आणि आता आवाजात विनोद नव्हता.

भगवान दारात पोहोचले होते. चौकट धरून उभे होते, सकाळी उभे होते तसेच. सगळ्यांची पाठ त्यांच्याकडे होती. फक्त सुमेधाला ते दिसत होते.

"मी," सुमेधा म्हणाली. "माझं आहे."

एका म्हातारीने पदर तोंडाला लावला. देविका म्हणाली, "ताई, तुम्ही?" आणि मुलीला घेऊन दोन पावलं मागे सरली. सुमेधाला लाज वाटायला हवी होती. वाटली नाही. बधिर असण्याचा एवढा उपयोग तिला आधी कधी झाला नव्हता. भगवाननी मान खाली घातली.

धम्मशीलाने फरशी पुसून घेतली, मुलांना केळी वाटली. "चला, वंदनेला बसू या सगळे," ती मोठ्याने म्हणाली. कुणीतरी भगवानना हाताला धरून पुढे नेलं. सुमेधाने पातेलं उचललं. मदतीला कुणी आलं नाही, तिने बोलावलंही नाही.

डब्यांपाशी तिने ग्लव्हज घातले, काळ्या पिशवीत पिशवी घातली आणि खीर ओतायला लागली. घट्ट झालेली खीर ढेकळांनी पडत होती. इथे शहरातही कोल्हे रात्री डबे उचकटतात, म्हणून आणखी एक पिशवी घ्यावी लागणार होती.

खिडकी उघडी होती. आतून त्रिशरण झालं. मग भगवानचा आवाज आला, स्वच्छ, न अडखळता. पहिलं शील. हॉल मागून म्हणाला. दुसरं. तिसरं. मग चौथं यायला हवं होतं, खोटं न बोलण्याचं.

ते आलं नाही.

सुमेधा थांबली. आत कुणी खोकलं. शब्द अडकला असेल, असंच सगळ्यांना वाटलं असणार. कुणीतरी हळूच पहिला शब्द सुचवलाही. तिला माहीत होतं, पंचशीलात त्यांचा शब्द कधी अडकत नाही.

"तिचं," माइकमधून आवाज आला. मग बराच वेळ नुसता श्वास. "नाही. तिचं नाही. ते. माझं. व्हेप. माझं."

खुर्ची सरकल्याचा आवाज झाला, मग पावलं, एक पाय घासत जाणारी, माइकपासून दूर. शेवटी धम्मशीलाने चौथं शील म्हणायला सुरुवात केली आणि लोक तिच्या मागून म्हणू लागले. सुमेधा खिडकीजवळ गेली. त्या सगळ्या आवाजांत एक आवाज थोडा मागे राहून, सगळ्यांबरोबर बसून, चौथं म्हणत होता. मग पाचवंही. पाचवं झाल्यावर तो पुढे काही बोलला नाही.

सुमेधाला वाटलं, आता रडू येईल. ती डब्याला टेकून उभी राहिली, त्याला वेळ दिला. ते आलं नाही. मग तिने पिशवीला दुसरी गाठ मारली, ती डब्यात टाकली आणि रिकामं पातेलं घासायला बाहेरच्या नळाकडे नेलं.