कुन्झेसचे खांदेकरी

कुन्झेस पडली ती ओढ्यावर, भर दुपारी. बर्फ फोडून पाणी भरायचं काम ती पन्नास वर्षं करत आली होती, तेव्हा तिला शिकवायला कोणी जायला नको. पाय सटकला, एवढंच. कंबर अशी धरली की उठता येईना. शेळ्या आल्या, तिला हुंगून गेल्या. दोन तास ती उताणी पडून आभाळ बघत होती, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिच्या मनात आलं, की आपण इथेच गेलो तर आपल्याला उचलणार कोण?

स्पांगचेनच्या पठारावर हा प्रश्न पूर्वी कोणाला पडायचाच नाही. त्यासाठी फस्पुन असतं. फस्पुन म्हणजे रक्ताचे भाऊबंद नव्हेत, देवाचे. पाच-सात बिऱ्हाडं एकच घरदेव मानतात. एकाकडे मूल झालं की बाकीचे लोणी-पीठ घेऊन येतात, आणि कोणी गेलं की तेच मढं बांधतात, पाठीवर घेतात, टेकडीवर नेतात. घरच्यांनी नुसतं रडायचं. पोटच्या पोरानेही हात लावायचा नाही, आणि दुसऱ्या फस्पुनच्या माणसाने तर मुळीच नाही; देव कोपतो.

कुन्झेसच्या फस्पुनमध्ये सात बिऱ्हाडं होती. एकेक करून सगळी शेळ्या विकून लेहला गेली. कोणी टॅक्सी चालवतो, कोणी हॉटेलात भांडी घासतो. तिचा मुलगा पद्मा तर दहा वर्षांपूर्वीच गेला. शेवटचं बिऱ्हाड गेल्या सप्टेंबरात ट्रकमध्ये चढलं. नव्या वर्षाला देवाच्या दगडी चौथऱ्यावर शुकपाच्या ताज्या डहाळ्या बांधायच्या असतात. ते झाड पठारावर उगवत नाही, खालून आणावं लागतं. यंदा आणणारं कोणी उरलं नव्हतं. देव बिचारा गेल्या वर्षीच्या वाळक्या काटक्यांवरच बसून राहिला.

सरपटत सरपटत ती कशीबशी तंबूत पोचली. तीन दिवस ताप. चौथ्या दिवशी तंबूच्या दाराचा पडदा बाजूला झाला आणि मोरुपचं डोकं आत आलं.

"काय आचे, मेलीस की काय? चार दिवस धूर नाही, काही नाही."

आचे म्हणजे ताई. मोरुप तिच्याहून चार वर्षांनी लहान, म्हणजे तोही चौसष्टचा म्हातारा. पठारावर आता दोनच तंबू होते. ओढ्याच्या अलीकडे हिचा आणि पलीकडे, तासाभराच्या चालीवर, मोरुपचा.

"मेले असते तर तू काय केलं असतंस रे?"

"मी? लांब उभा राहून रडलो असतो. मोठ्याने."

"उपकार झाले!"

"तुझ्या लोकांना निरोप धाडला असता."

"गाढवा, खिंड बंद आहे. नोव्हेंबर ते मे. निरोप काय गिधाडं नेणार?"

"मग मेपर्यंत टिकली असतीस की. या थंडीत मांसाला काही होत नाही."

तिने हाताशी होता तो बूट त्याच्यावर भिरकावला. मोरुप हसत हसत शेण्या पेटवायला बसला. चहा घुसळला, त्यात लोणी जरा जास्तच टाकलं, तिच्या शेळ्या मोजून आत घातल्या आणि गेला. चहाने तिला बरं वाटलं. पण ते मांसाचं बोलणं काही डोक्यातून जाईना.

दुसरी कोणी असती तर तिथल्या तिथे म्हणाली असती, बाबा रे, मला तुमच्या फस्पुनमध्ये घ्या. घेता येतं, तशी रीत आहे. पण कुन्झेसच्या तोंडून ते निघेना, आणि त्याला कारण होतं.

ती सहा वर्षांची असताना पलीकडे तिबेटात फौजा शिरल्या आणि मोरुपचा बाप कळप हाकत सरहद्द ओलांडून इकडे आला. दोन वर्षांचा मोरुप आईच्या पाठीवर. कुन्झेसचा बाप मिठासाठी पलीकडच्या सरोवरांवर जायचा तेव्हा याच माणसाच्या तंबूत उतरायचा, त्याचंच खायचा. इकडे आल्यावर महिन्याभरात मोरुपची आजी गेली. मोरुपचा बाप हात जोडून यांच्या दाराशी आला, म्हणाला, आम्हाला तुमच्या देवाचे करून घ्या, म्हातारीला उचला. कुन्झेसचा बाप म्हणाला, "परक्यांना आम्ही देव देत नाही." खरी भीती देवाची नव्हतीच. आणखी एक कळप आला तर आपल्या शेळ्यांना गवत पुरायचं नाही, ही होती. म्हातारी नऊ दिवस तंबूत तशीच होती. शेवटी दुसऱ्या एका फस्पुनला दया आली, त्यांनी मोरुपच्या घरच्यांना आपल्या देवाचे करून घेतलं आणि म्हातारीला उचललं.

पुढे सरहद्द बंद झाली, मीठ बंद झालं, निम्मी कुरणं तिकडे राहिली. पण कुन्झेसला आठवायचे ते नऊ दिवस. मोरुपने आयुष्यात एकदाही तो विषय काढला नाही, हेच तिला जास्त लागायचं.

कंबर जरा सैल झाल्यावर ती आधी गेली टेकडीवर, देवाच्या चौथऱ्यापाशी. इथेच तिचं चुकलं. आधी मोरुपला विचारायचं, मग देवाला सांगायचं, हे शेंबड्या पोरालाही कळतं. पण कुन्झेसचा हिशेबच वेगळा. एक देव हातात धरून दुसऱ्याच्या दारी जाणं तिला लबाडी वाटली. आणि जुन्या देवाचा एकदा निरोप घेतला की परत फिरता येत नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

तिने चौथऱ्यावर दूध ओतलं. वाळक्या काटक्यांवरचा पांढरा खतक, देवाला वाहिलेलं वस्त्र, सोडून घेतला.

"रागावू नकोस," ती म्हणाली. "सात घरांचा होतास, आता एका म्हातारीचा उरलास. माझ्या बापाने केलं ते तू पाहिलंयस. मी तुझी आहे असं म्हणत मरेन, पण तू काही मला पाठीवर घेणार नाहीस." एवढं बोलली आणि तिला रडू फुटलं. मनसोक्त रडली. तिथे ऐकायला होतं तरी कोण?

तशीच लोण्याचा गोळा आणि छांगचा, घरच्या जवाच्या दारूचा, डबा घेऊन ओढा ओलांडून मोरुपकडे गेली. मोरुप गाठोडी बांधत होता. त्याची बायको स्पाल्झेस तिला बघून गडबडली, बसायला गालिचा टाकला. कुन्झेसने बसायच्या आधीच सांगून टाकलं.

"मोरुप, मी देव सोडून आले. माझ्या बापाने तुझ्या आजीला उचललं नाही. मला माफ कर नाहीतर नको करू, पण मला तुमच्यात घे. मी मेल्यावर मला उचल."

स्पाल्झेसने तोंडाला पदर लावावा तसा झग्याचा काठ लावला आणि बाहेर निघून गेली.

"अरे, नाही म्हणायचं तर नाही म्हण! तुझा हक्कच आहे."

"आचे," मोरुप खाली बघत म्हणाला, "आम्ही चाललो. खिंड उघडली की. कळपाचा सौदा खिंड बंद व्हायच्या आधीच झाला. पोरं लेहला खोली बघतायत. तुला सांगायला चार वेळा आलो. त्या दिवशीही त्याचसाठी आलो होतो."

"आणि चहा करून गेलास!"

"तू तापाने फणफणली होतीस. काय सांगू?"

"मेल्या, मी देव सोडून आले ना!"

ती मटकन खाली बसली. मोरुपने छांगचा डबा उघडला, आपल्या लाकडी वाटीत ओतली, एक घोट घेतला आणि वाटी तिच्या पुढ्यात धरली. उष्टी वाटी, एका देवाची माणसं पितात तशी.

"पी. तू आमची."

"चाललास की तू."

"आमच्याबरोबर चल मग."

"लेहला? एक हिवाळा राहिले मी पद्माच्या खोलीत. पाणी नळाला, शेगडी गॅसची. सकाळी जाग यायची आणि मी कशासाठी उठू तेच कळायचं नाही. सून म्हणायची, झोपा अजून. किती झोपायचं माणसाने?"

"मग इथेच राहा. मी येईन. दोन्ही पोरांना घेऊन येईन. खिंडीच्या रस्त्यावर कामाला येतात त्या कामगारांना सांगून ठेवतो, चार दिवस धूर दिसला नाही की मला फोन करतील."

"ते नोव्हेंबरात जातात. आणि खिंड?"

मोरुपने मान खाजवली. "मग तू उन्हाळ्यात मर," तो म्हणाला. "जून ते ऑक्टोबर. कधीही. मी तुला माझ्या पाठीवर नेईन, आचे, पोरांनाही देणार नाही. आजीची शपथ."

कुन्झेस हसली. खरंच हसली, कंबर दुखेपर्यंत. मग तिने वाटी दोन्ही हातांनी घेतली आणि तळापर्यंत प्याली.

"बरं," ती म्हणाली. "बघते जमतं का."

परत येताना मोरुप ओढ्यापर्यंत सोडायला आला. पुढे ती एकटीच चालली, बर्फावर एकेक पाऊल चाचपत, म्हातारपणी चालायला शिकल्यासारखी. लेहचा तो एक सोडला तर सदुसष्ट हिवाळे तिने या पठारावर काढले होते आणि एकालाही ती कधी भ्याली नव्हती. आता वर्षातले सात महिने तिला मरायची परवानगी नव्हती.