सासूबाईंच्या नावाचं झाड

जावयाने एका पाणवनस्पतीला सासूबाईंचं नाव द्यायचं ठरवलंय हे कळलं, तेव्हा त्यांचा आधी विश्वासच बसला नाही. अकरा वर्षांत त्याने त्यांना चहासुद्धा स्वतःहून विचारला नव्हता. स्वभावाने वाईट नव्हता बिचारा, पण वनस्पतिशास्त्राचा प्राध्यापक. त्याचं सगळं लक्ष खोडापानांत.

कॉलेजमागच्या तळ्यातून त्याने ती वनस्पती आणली होती. पाण्याखाली बुडालेली, दोऱ्यासारखी बारीक पानं. कुठल्याच पुस्तकाशी जुळेना. फुलाचा पत्ता नव्हता, पण उत्साहाला तोटा नव्हता. "नवी जात आहे आई, लिहून देतो! आणि नाव तुमचं!"

सासूबाईंनी तास उलटायच्या आत धाकट्या बहिणीला फोन लावला. "अगं, जगभरच्या पुस्तकांत छापून येणार." बहिणीने पुढच्या दहा घरांत पोचवलं.

तिसऱ्या दिवशी जावई आंघोळीला गेलेला असताना सासूबाईंनी टेबलावरचा कागद सहज उचलला. आपल्या नावाखाली काय लिहिलंय हे बघायचा हक्क माणसाला आहेच की. वाचलं मात्र, चष्मा नाकावरून घसरला. "चिवट. कुठेही मूळ धरते. एकदा शिरली की काढणे अवघड. तुकडा उरला तरी पुन्हा वाढते. आजूबाजूच्यांना वाढू देत नाही."

"काय गं," त्या लेकीला म्हणाल्या, "मी तुमच्याकडे राहायला येऊन किती दिवस झाले?"

"चार महिने. का?"

"काही नाही."

त्या दिवसापासून त्यांचं जावयाशी बोलणं 'हो'-'नाही'वर आलं. त्याला अर्थातच कळलं नाही. पुढच्याच आठवड्यात तो तीन आठवड्यांच्या प्रशिक्षणाला गेला. जाताना गॅलरीतल्या टबाकडे बोट दाखवून म्हणाला, "आई, एवढं पाणी उतरू देऊ नका हं. जीव आहे माझा त्यात."

"बरं," सासूबाई म्हणाल्या. आणि त्यांनी टबात एक थेंबही घातला नाही. चिवट आहे ना? मग दाखव म्हणावं चिवटपणा.

ऊन कडक होतं. पाणी बोटबोट उतरत गेलं, गाळ दिसायला लागला. चौथ्या-पाचव्या दिवशी सासूबाई टबात वाकून बघायला लागल्या. रागाच्या भरात आपण लेकीच्या संसारात काय करून ठेवतोय? पण झाड सुकायचं नावच घेईना. शेंडे गाळाच्या वर सरळ उभे राहिले आणि त्यांना पानं फुटली. बारीक नव्हे, चांगली रुंद, जाड, कडेला दाते असलेली.

सासूबाई तीस वर्षं शिवणकाम शिकवत होत्या. एका ताग्यातलं कापड मध्येच बदललं की त्यांची बोटं आधी ओळखत. हे कापड बदललं होतं, पण जोड कुठेच नव्हता. त्यांनी रिळातला लाल दोरा काढला आणि एका दांड्याला, जुनी पानं संपतात तिथे, सैल गाठ मारली. मग रोज सकाळी टेप घेऊन गॅलरीत बैठक. गाठीच्या वर रुंद पानं वाढत गेली, आणि अठराव्या दिवशी एका पानाच्या बगलेत एक इवलंसं जांभळं फूल आलं.

जावई परतला तो बॅग न ठेवताच गॅलरीत.

"आई! माझं झाड कुठंय? हे तर तळ्याच्या काठावरचं नेहमीचं झुडूप! तुम्ही बदललंत!"

"मी कशाला बदलू? त्यानेच कपडे बदलले."

"झाड कसं बदलेल?"

"खाली वाका, जावईबापू. दोरा दिसतोय? त्याच्या खाली बघा. आता वर बघा. दांडा एकच आहे ना?"

तो गुडघ्यांवर बसला. खाली पाहिलं, वर पाहिलं, भिंग आणून पुन्हा पाहिलं. मग तिथेच फरशीवर बसकण मारली. "पाण्यात एक तऱ्हा, हवेत दुसरी," तो पुटपुटला. "आई, हे मी दरवर्षी दुसऱ्या वर्षाच्या वर्गाला शिकवतो."

लेक दारात येऊन इतकी हसली की तिला चौकट धरावी लागली. सासूबाईंना मात्र त्याचा चेहरा बघवेना. "पाणी मी मुद्दाम घातलं नाही," त्या एकदम म्हणाल्या. "तो कागद वाचला होता. चिवट म्हणे!"

जावई दचकला. "अहो, ती झाडाची स्तुती होती! जिथे बाकीची कुजतात, सुकतात, तिथे ही टिकते. म्हणून तर तुमचं नाव सुचलं." मग टबाशेजारची टेप दिसली तसं त्याने विचारलं, "टेपने मापं घेतलीत? लिहून ठेवलीत?"

"तारखेसकट. माप घेऊन लिहायचं नाही, ही कुठली पद्धत?"

तो उठला आणि स्वतःहून चहाचं आधण ठेवायला गेला. साखर कुठे असते ते मात्र त्याला ओरडून विचारावं लागलं. संध्याकाळपर्यंत दोघं वहीवर वाकून पाण्याच्या उंचीवरून कडाकडा भांडत होती.

तेवढ्यात बहिणीचा फोन आला. "काय गं, आलं का छापून तुझ्या नावाचं झाड?"

"नाही. त्याला शंभर वर्षांपूर्वीच कुणीतरी नाव देऊन ठेवलंय म्हणे."

"कुणाचं?"

"त्याच्या सासूचं असणार," सासूबाई म्हणाल्या. "ठेव आता. जावयाने तारीख चुकवलीय."