दगडमाशाचा घास

आनंदीच्या दहाव्याचा पिंड घाटावर ठेवून बराच वेळ झाला, पण कावळा शिवेना. तिची काहीतरी इच्छा मागं राहिली होती. भावानं वचन देऊन पाहिलं, लेकीनं दिलं. कावळे लांबून नुसते बघत होते.

"बाबा, आईचा दगडमासा!" लेक हिमानी म्हणाली. "बोलून टाका ना."

विश्वेश्वरांना ते पहिल्यापासून ठाऊक होतं. प्राणिशास्त्र शिकवणाऱ्या आनंदीनं घरी खाऱ्या पाण्याच्या टाकीत तो मासा पाळला होता. दिवसभर दगडासारखा पडून राही आणि जवळून गेलेली जिवंत कोळंबी क्षणात गिळी. त्याच्या पाठीवरच्या विषारी काट्यांना विश्वेश्वर भीत. "भटजी, तो कुणाच्या अंगावर धावत नाही. पाय पडला तरच टोचतो," म्हणत ती नवऱ्याला हसायची.

सोवळं बाजूला ठेवून कोळंबी हातात धरायलाही ते आता तयार होते. पण कावळा शिवला की आनंदी गेली. तोवर ती इथंच कुठंतरी होती.

ऊन चढलं. हिमानी रडू लागली. "किती ताटकळवाल तिला?"

विश्वेश्वरांनी हात जोडले. "त्याला मी भरवीन. माझ्या हातानं. जा तू."

कावळा लगेच उतरला आणि पिंडाला शिवला.