आमचे हे निर्दोष सुटले

आमचे हे, शिगेयुकी इसोगाई, टीव्हीवर खून करतात. दोन तासांच्या रहस्यपटाच्या शेवटी समुद्राकाठच्या कड्यावर उभं राहून, पोलिसांपुढे ढसाढसा रडत जो गुन्हा कबूल करतो, तो गेली सव्वीस वर्षं बहुतेक वेळा हेच. सुरुवातीच्या नामावलीत यांचं नाव दिसलं की अख्ख्या क्योतोला खुनी कळतो. मासळीवाली तर तोंडावर विचारते, "या खेपेला विष का हो, दादा?"

त्याचं यांना काही वाटत नसे. सलत होते ते माझे बाबा. बाबांचं सार्वजनिक स्नानगृह आहे. लग्न ठरलं तेव्हा ते यांच्यादेखत म्हणाले होते, "पोरी, चेहरा चोराचा आहे गं." पुढे जावयाशी बोलणं फक्त हवापाण्याचं. यांचा कार्यक्रम लागायची वेळ झाली की बाबा उठून तरातरा स्नानगृहात निघून जायचे. हे मुकाट्याने चहा पीत बसायचे. मला मेलीला दोघांचाही राग यायचा.

यंदा एका नव्या दिग्दर्शकानं यांना भिक्षूचं काम दिलं. निर्दोष भिक्षू! यांनी वाफाळता ईल मासा आणि भात मागवला, बाबांना स्वतः जाऊन आमंत्रण दिलं. "एकदाच आमच्याकडे बसून बघा, बाबा. यात मी चांगला माणूस आहे."

बाबा आले. शेवटपर्यंत बघत राहिले. पडद्यावर सगळे कड्यावर जमले आणि हॉटेलची मालकीण पुढे होऊन रडायला लागली. आमचे हे मागे जपमाळ घेऊन उभे. बाबा उकडलेल्या ऑक्टोपससारखे लाल झाले.

"ही कोण बया?"

"खुनी आहे, बाबा," मी म्हटलं.

"मग हा?"

"मी निर्दोष आहे," हे अदबीनं वाकून म्हणाले.

"निर्दोष?" बाबांनी मेजावर थाप मारली. "सव्वीस वर्षं मी तिकडे गिऱ्हाइकांना टीव्हीपुढे बसवून सांगतोय, कड्यावर रडावं तर माझ्या जावयानं! आजही वीस जण ओल्या अंगानं बसलेत तिथे. त्यांना काय तोंड दाखवू? आणि ही बाई! नाक तरी ओलं झालं का हिचं?"

'माझा जावई' हे शब्द त्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकले. यांनीही. हातातला वाडगा खाली ठेवून हे हमसून हमसून रडायला लागले, खांदे गदगदा हलत होते.

बाबा डोळे बारीक करून बराच वेळ निरखत राहिले.

"बघ," ते मला म्हणाले, "याला म्हणतात रडणं."