बसून असलेल्या बाया

गुलबर्ग्यात तुरीच्या गिरण्या आहेत. तिथं बाया डाळ निवडतात. सकाळी सातला जमिनीवर बसल्या की दिवस मावळताना उठतात. पण निवडणं हा शब्द त्यांच्या तोंडी नाही. त्या म्हणतात बसणं. "कुठं बसतीस?" "वीरभद्रप्पाच्या गिरणीत बसते." डॉ. नरहरराव मुडबीकरांना हे कळलं नाही. मला कळत होतं आणि मी गप्प राहिलो.

सर कॉलेजात अर्थशास्त्र शिकवायचे. १९६८ साली मजुरांवर पीएच.डी. करत होते. पत्रकं भरायला त्यांना मराठी, कानडी, दखनी येणारा माणूस पाहिजे होता. मी खजुरी गावचा, सातवी नापास, गिरणीमागच्या गल्लीत थोरल्या बहिणीकडं, सोजराअक्काकडं राहायचो. मला घेतलं.

पत्रकात प्रश्न होता, सध्या काय करता? पुढं चौकोन होते: नोकरी, मजुरी, धंदा, बसून. बसून म्हणजे बेकार. सरांच्या घरी तसंच म्हणत असतील.

सरांबरोबर गल्लीत पाय टाकला तर शेजारची कमलम्मा ओरडली, "काय रे ग्यानबा, वही घिऊन पोरगी बघायलास का?"

बाया खिदळल्या. मी विचारलं, "सध्या काय करता?"

"बसते की! तुला दिसंना व्हय?"

मी सरांकडं वळलो. "सर, ह्यांचं बसणं म्हणजे..."

"ग्यानबा, उत्तर आलं तसं लिहायचं. आपली अक्कल त्यात घालायची नाही. शास्त्र म्हणतात ह्याला."

मला काम टिकवायचं होतं. लिहीत गेलो. शेवटी अक्काचं दार आलं. ती नुकतीच गिरणीतून आलेली, भुवयांपर्यंत डाळीचा भुसा. म्हणाली, "लिही बाबा, बसते. आन् हात धू, भाकर खा." मी 'बसून'वर खूण केली, खाली सही केली. दोनशे बारा बायांपैकी दोनशे नऊ बसून.

त्यावर सरांचं पुस्तक झालं, इंग्रजीत. दिल्लीला भाषणं झाली. मी डिक्शनरी घेऊन तीन महिन्यांत ते वाचलं. एक अख्खं प्रकरण होतं, ह्या गल्लीतल्या बाया काम का करत नाहीत? कारणं दिली होती: लाज, रूढी, नवऱ्याचा मान. आधी मला हसू आलं. मग मी पुस्तक भिंतीवर फेकलं.

१९७५ साली गिरणीत यंत्राच्या पट्ट्याखाली सांडलेली डाळ झाडताना अक्काचा उजवा हात पट्ट्यात गेला. चार बोटं तुटली. कामगारांचा दवाखाना होता, पण त्याला कार्ड लागतं आणि कार्ड कामगारालाच मिळतं. वीरभद्रप्पा म्हणाला, ही बाई आमची नव्हे, शेरडाला खायला चुनी न्यायला आली होती. आम्ही कार्डासाठी कामगार कचेरीत अर्ज केला. सुनावणीला गिरणीच्या वकिलानं सरांचं पुस्तक उघडून तक्ता वाचला. दोनशे नऊ.

अधिकाऱ्यानं अक्कालाच विचारलं, "बाई, तू काय करत होतीस?"

अक्का खरं बोलणारी बाई. "बसत हुते, साहेब."

वकील म्हणाला, "झालं."

मी उठलो. "साहेब, बसणं म्हणजे डाळ निवडणं!"

वकिलानं पुस्तकाच्या शेवटी छापलेल्या नमुना पत्रकावरची सही दाखवली. "ही तुमचीच ना? मग तेव्हा का नाही लिहिलं?"

पुढची तारीख पडली.

त्याच संध्याकाळी मी सरांकडं गेलो. "सर, एक ओळ लिहून द्या. तक्ता चुकला म्हणून."

त्यांनी चष्मा काढून पुसला. पुढच्या आठवड्यात त्यांची विभागप्रमुखाची मुलाखत होती. "एक तक्ता चुकला म्हटलं की सगळं पुस्तक चुकलं, ग्यानबा. आणि पत्रक तर तू भरलंस."

खोटं बोलले असते तर मी भांडलो असतो. खरं बोलले. मी चपला घालून निघालो.

कार्ड मिळालं नाही. जखम चिघळली, शेवटी सरकारी दवाखान्यात मनगटापासून हात काढला. मी अक्काला घेऊन खजुरीला परत आलो. एका हाताची बाई, तिला शेतावर कोण बोलावणार? नऊ वर्षांनी, १९८४ ला, खोकून खोकून गेली.

१९८७ ला सर रिटायर झाले आणि एसटीनं खजुरीला आले. हातात पाकीट. "लिहून आणलंय. तक्ता क्रमांक सात चुकीचा आहे. त्या स्त्रिया कामगार होत्या. कुठं आहेत सोजराबाई?"

अक्काची लेक राजूबाई चुलीपुढून म्हणाली, "माय जाऊन तीन वर्षं झाली जी."

सर ओट्यावर टेकले. पाकीट मांडीवर ठेवलं. मग हळूच विचारलं, "इथं आल्यावर, शेवटी शेवटी, काय करायच्या त्या?"

"काय करणार? बसूनच असायची."

सरांची मान झटकन वर झाली. डोळ्यांत पाणी होतं, पण चेहरा उजळला. "म्हणजे इथंही गिरणी होती? काम मिळालं होतं त्यांना?"

राजूबाईनं माझ्याकडं बघितलं. एवढ्या वर्षांनी सर आमचा शब्द शिकून आले होते.

"न्हाई, सर," मी म्हणालो. "इथं बसून म्हणजे बसूनच."