भुंकू की शेपूट हलवू?

मी बोंडू बोलतोय. काजूच्या बोंडासारखा माझा रंग पिवळट तांबडा, म्हणून शेवंतीने हे नाव ठेवले. गोवा मुक्त झाला त्या थंडीत, मालवणजवळच्या एका गावात, गवताच्या गंजीमागे माझा जन्म झाला. डोळे उघडले तेव्हापासून मी गोंधळलेलाच आहे.

शेवंतीचे वडील दाजी, त्यांनी मला राखणीसाठी आणले. पण मी झावळी पडली तरी चुलीमागे शिरायचो. ढोल वाजला की पाय पोटातच जात.

भीती घालवायला भीतीतच ढकलायचे, ही दाजींची रीत. देवळात ढोल सुरू झाला की ते मला मानगुटीला धरून शेजारी ठेवत. मी अधिक भ्यायचो, ते अधिक रागावत.

"ह्यो कुत्रो काय ससो?" एकदा ते म्हणाले. "शिमग्यापर्यंत भुंकाक लागलो नाय, तर पिंगुळेक आत्येकडे बांधून येतलंय."

"ढकलू नका त्येका, दाजी," शेवंती हळूच म्हणाली. "त्येचो त्यो फुडे जातलो."

"होय तर. तवसर तुजा लगीन होतला."

शेवंती मला देवळापासून लांब, फणसाखाली घेऊन बसू लागली. ढोल वाजला की सुक्या बांगड्याचा तुकडा. दुसऱ्या दिवशी थोडे पुढे. ढोलातून बांगडा कसा निघतो, ते मला अजून समजलेले नाही.

शिमगा आला. सोंगे ढोल वाजवत दारोदार शबय, म्हणजे शिमग्याचे पैसे, मागत आमच्या अंगणात शिरली. पुढे एक उंच बाई, तोंडाला पिवळा रंग. तिने शेवंतीचा हात धरून ओढला. लुगड्याला वास शेवंतीच्या आईचा, माईचा. घामाला वास दाजींचा. चेहरा मात्र कुणाचाच नाही.

मागे चूल होती, पुढे शेवंती. मी पुढे गेलो आणि जन्मात पहिल्यांदा भुंकलो. शेपूट मात्र त्या घामाला ओळख देत हलतच होती.

बाईने हात सोडला. "मागे हो रे, मी दाजी."

"फाडू नको रे बोंडू," माई ओट्यावरून म्हणाली, "लुगडा माजा आसा."

रंग धुऊन आल्यावर दाजींनीच मला बांगडा दिला. मी ज्यांच्यावर भुंकलो, त्यांनीच. पिंगुळीचे नाव पुन्हा निघाले नाही.

आता मी काजूची बाग राखतो. लोक मला धीट म्हणतात. आमच्या दारात आलात तर क्षणभर थांबा, मला वास घेऊ द्या. मी भुंकेन, शेपूटही हलेल. दोन्ही खरे समजा.